पान सात : खारदिवटी

१२ नोव्हेंबर २०२४

झाडकोशाची सहा पानं झाली, सहा बाकी. सातव्याला आज हात घातला.

वही नवीन आहे म्हणून एकदा लिहून ठेवतो. सातकाठ हे आम्ही तिघांनी रचलेलं जग. ताई (माझी चुलत बहीण, अकोल्याला चित्रकला शिकवते) रंगवते, मी झाडांच्या सवयी लिहितो, आणि भावाची आठवीतली पोरगी दोघांच्याही चुका काढते. बारा झाडं, बारा पानं. २६ जानेवारीला गावच्या वाचनालयात लावू असं कबूल करून बसलो आहे. त्या दिवसांत तूर काढणी अंगावर येते आणि कापसाची शेवटची वेचणी लांबलेली असते, हे कबूल करताना आठवलं नाही.

नियम पहिल्या पानापासूनचा : एका झाडाला एक थाप. एक गोष्ट खुशाल खोटी सांगायची, बाकी सगळं आपल्या जगातल्यासारखं चाललं पाहिजे.

सातवं झाड काळडोह या आमच्या समुद्राच्या तळाशी उजळणारं. ताईचं कच्चं चित्र दुपारी मोबाईलवर आलं. गुलाबी खोड, हिरवी-जांभळी पानं, सगळं एकदम लखलखाट. मला आवडलं. पोरगी शाळेतून परस्पर दुकानात आली, गल्ल्यावरून वाकून पाहिलं आणि म्हणाली, "काका, इतल्या खाली ऊन जाते का?"

नाही जात.

"मंग हे हिरवं काऊन हाये?"

युरियाचं गिऱ्हाईक आलं म्हणून वाचलो.

१४ नोव्हेंबर

खोलीचा हिशेब केला. समुद्रात २०० मीटरपर्यंत झाडाला उपयोगी पडेल एवढं ऊन पोचतं. पुढे १००० मीटरपर्यंत नुसती संधिप्रकाशासारखी अंधुकी. त्याखाली सूर्याचा एक कणही नाही. आतापर्यंत जिवंत सापडलेलं सर्वांत खोल शेवाळ बहामा बेटांजवळचं, १९८४ मध्ये पाहिलेलं, २६८ मीटरवर. जांभळट, दगडावर पापुद्र्यासारखं बसलेलं. आमचं झाड २५०० मीटरवर आहे. म्हणजे त्या शेवाळाच्या नऊपट खाली.

तळाशी झाडासारखं दिसणारं जे काही असतं ते प्राणी असतं. समुद्रपीस नावाचा जीव चिखलात देठ रोवून मोरपिसासारखा उभा राहतो, स्पर्श झाला की त्याच्या अंगावरून उजेडाची लाट जाते. तो पोवळ्यांचा नातेवाईक. समुद्रकमळ म्हणतात तेही तारामाशाच्या गोतातलं. जमिनीवरसुद्धा स्वतःहून उजळणारं झाड निसर्गात नाही. अळंबी उजळतात, पण अळंबी म्हणजे झाड नव्हे. माणसानं १९८६ मध्ये काजव्याचा जीन तंबाखूत घालून ते झाड उजळवलं, पुढे अळंबीचे जीन घातले, आणि २०२४ पासून अमेरिकेत उजळणारं पेटुनिया कुंडीत विकायला आहे. ते सगळं प्रयोगशाळेतून आलेलं.

मग आमची थाप कोणती? "हे झाड आहे" एवढीच. ती तिथेच संपली. उजेड खरा असावा लागणार.

२४ नोव्हेंबर

आजचा दिवस वसूल.

एक शेतकरी हरभरा पिवळा पडला म्हणून उपटून घेऊन आला. बियाण्याला रायझोबियम (मुळांवर गाठी आणणारे जिवाणू) लावलं होतं का विचारलं, तर म्हणे लावलं असेल. मुळावर गाठी होत्या. नखानं एक फोडली, आतून गुलाबी. गुलाबी म्हणजे गाठ कामावर आहे. हिरवट किंवा भुरी निघाली तर उपयोगाची नाही, हे आम्ही गिऱ्हाइकाला रोज सांगतो. (पिवळेपणा पाणी साचल्याचा होता. खारपाणपट्ट्यातली, म्हणजे खाऱ्या पाण्याच्या भागातली काळी जमीन, पाणी मुरता मुरत नाही.)

तो गेल्यावर पोरीनं दुसरी गाठ फोडली आणि विचारलं, रक्तासारखं काऊन दिसते. कारण ते रक्ताच्याच जातीचं आहे. आपल्या रक्तात हिमोग्लोबिन, हरभऱ्याच्या गाठीत लेगहिमोग्लोबिन. आतले जिवाणू हवेतला नत्र पकडतात, पण मोकळा ऑक्सिजन मिळाला तर त्यांचं काम बंद पडतं. म्हणून झाड तो ऑक्सिजन मोजून-मापून देतं, आणि ती मोजणी हा लाल पदार्थ करतो.

हे सांगता सांगता मलाच झटका बसला. १९७७ मध्ये गॅलापागोस बेटांजवळ आल्विन नावाची छोटी पाणबुडी साधारण २५०० मीटरवर उतरली. गरम झरे शोधायला भूगर्भवाले गेले होते, मोहिमेवर जीवशास्त्रज्ञ एकही नव्हता. त्यांना झऱ्यांभोवती जीवांची दाटी दिसली. त्यातलेच ते नळकृमी : पांढऱ्या नळीत उभे, वर लालभडक तुरा, वाढून माणसाहून उंच. त्यांना तोंड नाही, आतडं नाही. मग जगतात कशावर, हे कोडं सोडवण्यात हार्वर्डची विद्यार्थिनी कॉलीन कॅव्हनॉ हिचा मोठा हात. एका व्याख्यानात त्या कृमीच्या अंगात गंधकाचे स्फटिक सापडल्याचं ऐकलं आणि तिला सुचलं की आत जिवाणू असणार. १९८१ मध्ये तिचा लेख आला. झऱ्यातून हायड्रोजन सल्फाइड येतो, सडक्या अंड्याच्या वासाचा. जिवाणू तो ऑक्सिजनशी जाळून त्या ताकदीवर अन्न करतात आणि कृमीला देतात. लाल तुरा ऑक्सिजन आणि सल्फाइड दोन्ही धरून आत पोचवतो. पुन्हा हिमोग्लोबिनच.

म्हणजे हरभऱ्याची गाठ आणि नळकृमीचं पोट, दोन्हीकडे लाल कोठी आणि आत भाडेकरू.

आमच्या झाडाच्या मुळांना गाठी. गाठीत सल्फाइड खाणारे जिवाणू. साखर खालून वर चढते. पानाला अन्न करायचं कामच उरलं नाही. हिरवा रंग गेला. पोरीला सांगितलं तर म्हणाली, "मंग पान ठेवलंच काऊन?"

हिला व्याख्यानाला पाठवायला पाहिजे.

२८ नोव्हेंबर

दाबाचं काम पाच मिनिटांत उरकलं. दर १० मीटरला एक वातावरण वाढतं. २५०० मीटरवर नखाएवढ्या जागेवर साधारण अडीच क्विंटल. पण चिरडली जाते ती हवा. थर्मोकोलचा कप खाली सोडला तर अंगठ्याएवढा होऊन वर येतो, पाण्यानं भरलेलं अंग तसं चेमटत नाही. तेव्हा खोड पोकळ नको, ताईनं काढलेले हवेचे फुगे नकोत. बी तरंगायचं तर तेलानं.

३ डिसेंबर

ताईशी फोनवर वाजलं.

लाल रंग पाण्यात सगळ्यांत आधी मरतो, निळा सगळ्यांत लांब जातो. म्हणून खोल समुद्रातले बहुतेक जीव निळा किंवा निळसर-हिरवा उजेड काढतात आणि तिथले डोळेही तेवढाच पाहतात. तांबडी कोळंबी तिथं काळी दिसते, तिच्यावर पडायला लाल उजेडच नाही. हे सगळं सांगून मी म्हटलं, गुलाबी खोड काढून टाक.

ताई म्हणाली, "तुह्या नियमात माह्या रंगाची पेटी रिकामी होऊन रायली." तिचंही खरं आहे. सहाव्या पानावर मी तिला करडा सोडून काही दिलं नव्हतं.

एक अपवाद सापडला, तो तिला पाठवून तह केला. मॅलाकोस्टियस नावाचा मासा डोळ्याखालून लाल उजेड टाकतो, आणि बाकीच्यांना न दिसणारा तो उजेड त्याला स्वतःला दिसतो. कसा? त्याच्या डोळ्यात हरितद्रव्यापासून बनलेला पदार्थ असतो, तो लाल उजेड पकडून देतो. पानातली वस्तू, ऊन कधी न पाहिलेल्या माशाच्या डोळ्यात. ताई बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, ठीक आहे, निळा.

८ डिसेंबर

आज कामाचं काही नाही, पण लिहिल्याशिवाय राहवत नाही.

दुकानात नोटा तपासायचा जांभळा टॉर्च आहे. पोरीनं पालक कुटून सॅनिटायझरमध्ये भिजवला, फडक्यातून गाळला आणि अंधारात त्यावर तो टॉर्च मारला. हिरवं पाणी रक्तासारखं लाल दिसायला लागलं. हरितद्रव्य तसंच करतं. उजेड घेतं आणि बदलून परत टाकतं. ताईला व्हिडिओ पाठवला, खाली लिहिलं : घे तुझा लाल.

मग तोच टॉर्च घेऊन रात्री वावरात गेलो. धुऱ्यावरच्या दगडांच्या ढिगात एक ठिपका निळसर-हिरवा पेटलेला. जवळ गेलो तर विंचू. टॉर्च बंद केला की विंचू गायब, चालू केला की हजर. गेली वीस वर्षं त्या ढिगावर मी बसत आलो आहे. ढीग उद्या हलवतो.

पोरीनं वहीत लिहून घेतलं : "चमकणे वेगळे, उजळणे वेगळे. विंचू उसन्यावर चमकतो." हे वाक्य पानावर घ्यायचं.

१७ डिसेंबर

या आठवड्यात शेतीला रात्रीची लाईन. दहाला येते. हरभऱ्याला तुषार लावला आहे. पाणी शेततळ्यातलं, कारण विहिरीचं खारं दिलं तर जमीन बसते. दर दोन तासांनी पाईप बदलायचे. मधल्या वेळात घोंगडी पांघरून बसलो की डोकं चांगलं चालतं.

अडकलं आहे ते इथं : झाड उजळतं कशासाठी? फुकटात काही उजळत नाही. ल्युसिफेरिन नावाचा पदार्थ बनवावा लागतो, तो पेटवायला ल्युसिफरेज लागतं, ऑक्सिजन लागतो. रफाएल द्युबॉआ या फ्रेंच माणसानं १८८० च्या दशकात ही दोन नावं ठेवली. थोडक्यात, दिव्याला तेल लागतं, ते तेल साखरेतून येतं, आणि साखर मुळाच्या गाठी जेवढी देतील तेवढीच. रात्रभर दिवा लावून ठेवणारं झाड म्हणजे मोटार चालू ठेवून गावाला गेलेला माणूस.

पहिला विचार परागीभवनाचा. उजेड पाहून बारके जीव येतील, पराग नेतील. पण मी प्रकाश सापळे विकतो. दिव्यावर काय येतं ते सकाळी घमेल्यातल्या पाण्यात दिसतं : ज्यांच्या अळ्या पीक खातात तेच पतंग. दिवा लावला म्हणजे खाणाऱ्यालाच पत्ता दिला.

दुसरा विचार, झाड भीती घालायला उजळतं. पलीकडच्या वावरात डुकरांसाठी लुकलुकणारे दिवे लावले आहेत. पहिले चार दिवस डुकरं बिचकली. पाचव्या दिवशी दिव्याच्या उजेडात निवांत खाल्लं.

दोन्ही विचार खोडले. पहाटे चारला थंडीनं बोटं वळेनात, लिहिणं बंद.

२० डिसेंबर

गाडगेबाबांची पुण्यतिथी. सकाळी गाव झाडलं, दुपारी दुकान.

या महिन्यातली बातमी कापून वहीत लावली : हिंदी महासागराच्या दक्षिण भागात ४५०० मीटरवर गरम झऱ्याचं छायाचित्र आपल्या शास्त्रज्ञांनी काढलं. चेन्नईची राष्ट्रीय समुद्र तंत्रज्ञान संस्था आणि गोव्याचं ध्रुवीय संशोधन केंद्र, दोघांनी मिळून, बिनमाणसाचं यान सोडून. पोरगी हट्टाला पेटली की आपलं झाडही ४५०० वर न्या. म्हटलं, दाबाचा हिशेब तू कर. तिनं केला, बरोबर आला. तरी झाड २५०० वरच. आल्विनची आठवण म्हणून.

३१ डिसेंबर, सकाळ

रात्रीचं सकाळी लिहितो आहे. पाय चरचरताहेत, तेच कामाचं आहे.

काल अवस होती, मुद्दाम ती रात्र धरली. दोन बारके एलईडी नेले, एकाला लाल जिलेटीन कागदाच्या घड्या, एकाला निळ्या. अर्धा तास कुठलाही उजेड न पाहता बसलो. अंधाराला डोळा सरावायला तेवढा वेळ लागतो. मग पोरीच्या बापानं पन्नास पावलांवरून दिवे दाखवले. भर उजेडात दोन्ही सारखे वाटत होते. अंधारात लाल विझल्यासारखा, निळा मात्र डोळ्याच्या कोपऱ्यातसुद्धा दिसत होता. घड्या वाढवत गेलो. तेवीस घड्यांनंतरही निळा होता. म्हणजे फार थोड्या उजेडात भागतं. ताईचा लखलखाट गेला. तिला अजून सांगितलेलं नाही.

दोनच्या सुमारास कडेच्या तासांत कचकच ऐकू आली. रोही, म्हणजे नीलगायी. चार तरी असावेत. हातातला टॉर्च लावला तर डोळे चमकले आणि पुन्हा खाली. ओरडलो, हललेही नाहीत. मी एकटा काय करणार हे त्यांना ठाऊक होतं. मग शेजारच्या वावरातल्या जागल करणाऱ्या भाऊला हाक मारली. तो कुत्रं घेऊन आला तेव्हा कुठे पळाले. भाऊनं विचारलं, कोण्या बाजूनं गेले? अंधारात कोण सांगणार. कुत्रं भलतीकडेच पळालं.

उजाडता उजाडता नुकसान पाहायला अनवाणीच हरभऱ्यातून फिरलो. फुलोऱ्यातल्या हरभऱ्यावर पहाटे आंब असते. पानांच्या लवेवर आंबट थेंब, दवात मिसळलेले. टाचेच्या भेगांत गेली की जीव कासावीस होतो. आजी पूर्वी रात्री धोतराचं पान हरभऱ्यावर अंथरायची आणि सकाळी पिळून बाटलीत भरायची, पोटदुखीला.

विहिरीवर पाय धूत होतो. आंब काही लवकर जात नव्हती, आणि डोक्यात एकदम आलं : रोह्यांच्या अंगालाही ही लागली असेल. ही आंब जर उजळणारी असती, तर भाऊला विचारावं लागलं नसतं कोण्या बाजूनं गेले.

उजेड झाडानं स्वतःजवळ ठेवायचाच नाही. चोराच्या अंगाला फासायचा.

२ जानेवारी २०२५

दोन दिवस तुरीत गेले. आज सगळं मांडून पाहतो.

पानाच्या लवेत दोन प्रकारच्या बारीक पिशव्या. एकीत ल्युसिफेरिन, दुसरीत ल्युसिफरेज, दोन्हीत ऑक्सिजन नाही. पान शाबूत आहे तोवर सगळा अंधार. कुणी पान खुडलं की दोन्ही पिशव्या फुटतात, मिसळतात, समुद्राच्या पाण्यातला ऑक्सिजन मिळतो आणि चिकट निळा रस पेटतो. दोन ट्यूबचा चिकटा असतो तसं. वेगळे असतात तोवर काही होत नाही. खर्च फक्त चोरी झाली तरच.

पोरीची शंका : हे थापेत धरायचं का? नाही. व्हार्गुला म्हणून तिळाएवढा कवचवाला समुद्रजीव आहे. तो दोन्ही पदार्थ वेगवेगळ्या ग्रंथींतून पाण्यात सोडतो आणि बाहेर निळा ढग होतो. त्याला गिळलेला मासा तोंडातून उजेड निघतो म्हणून थुंकून टाकतो. आणि खोल पाण्यातली एक समुद्रकाकडी अशी आहे की तिला कुणी धरलं तर उजळणारी चिकट कातडी त्याच्याच अंगाला चिकटवून स्वतः निसटते. आपल्या जगात हे चालतं तर सातकाठात का चालू नये.

पान का ठेवलं, याचंही उत्तर मिळालं. पान म्हणजे चारा. ते खुडलं जावं म्हणूनच वाढवलेलं, मुळाच्या गाठींपर्यंत चोरानं पोचू नये म्हणून.

आता चोर आणि राखणदार. चोर खुडक्या : गोगलगायीसारखा, पण जिभेला खरवडणी. राखणदार मासा जागल्या, मोठ्या डोळ्यांचा, स्वतः पूर्ण काळा. जुन्या गावगाड्यात रात्री पहारा देणाऱ्याला जागल्या म्हणत. त्याला झाडाशी देणंघेणं नाही, त्याला खुडक्या हवा.

"खुडक्यानं अंग गोट्याले पुसलं तर?"

पुसेलच. म्हणून झाडाभोवतीच्या दगडांवर निळे फराटे, जुने मंद, नवे उजळ. दहा मिनिटांत विझणारे, हा आकडा आम्हीच ठरवला. फराट्यांवरून जागल्याला माग लागतो. आमच्या पोरीचं डोकं.

४ जानेवारी

ताईला सांगितलं. ती म्हणाली, "उजळणाऱ्या झाडाचं पान, अन् झाड काळं?"

हो.

"अन् उजेड कोठी?"

उजव्या कोपऱ्यात, पळणाऱ्या खुडक्यावर.

फोन ठेवला तिनं. रात्री अकराला एक चित्र आलं. सगळं काळं, मधोमध झाडाची जागा काळ्याहून काळी, आणि कोपऱ्याकडे जाणारी निळ्या फराट्यांची वाकडी ओळ. खाली एक शब्द नाही. हे तिचं आजवरचं सगळ्यांत चांगलं काम आहे असं मी कळवलं, त्यावर अंगठासुद्धा आला नाही.

९ जानेवारी

नाव. माझ्या मनात "निळकंदील" होतं. पोरगी म्हणाली दुकानाच्या पाटीसारखं वाटते. आजीला ताईचं चित्र दाखवलं. ते तिला दिसलंच नाही, म्हणून पहिलं कच्चं रेखाटन दाखवलं, नुसतं देठ आणि वर गुंडाळलेली पानं. ती म्हणाली, "हे त गोंधळ्याची दिवटी हाये."

दिवटी. देठावर चिंधी, चिंधीला तेल. आमच्या झाडाचंही तसंच, पेटवल्याशिवाय काळं.

पुढचा "खार" माझा. पूर्णेच्या दोन्ही अंगांना अकोला, अमरावती, बुलढाण्याची गावं खारपाणपट्ट्यात आहेत. विहिरीच्या पाण्यात तुरीची डाळ शिजत नाही. गावात म्हातारे सांगतात, इथं खाली समुद्र आहे. समुद्राच्या लिटरभर पाण्यात ३५ ग्रॅम मीठ असतं, आमच्या विहिरीत तेवढं नाही, पण लहानपणी मी विहिरीत वाकून तळाशी काहीतरी उजळतं का ते पाहायचो. हे पानावर घ्यायचं नाही. खारदिवटी, एवढंच.

१४ जानेवारी

संक्रांत. तीळगुळाच्या ताटात पोरीनं एक तीळ वेगळा काढून दाखवला : "व्हार्गुला." काम शून्य.

१९ जानेवारी

पौषातला रविवार, अर्धं गाव ऋणमोचनच्या यात्रेला. मी छापायला तालुक्याला.

छापणाऱ्याकडून पान सात हातात आलं तेव्हा रडू यायचं बाकी होतं. काळा तपकिरी झालेला, निळे फराटे मळकट जांभळे. तो म्हणाला, पडद्यावर दिसतो तसा निळा शाईत निघत नाही. त्याचं बरोबर आहे. पडदा उजेड फेकतो, कागद फक्त परत टाकतो. विंचवाचा धडा मी दीड महिन्यापूर्वी शिकलो होतो आणि तरी चारशे रुपये देऊन आलो.

२३ जानेवारी

उपाय पोरीच्या आईनं काढला. जाड काळा कार्डशीट, ताईच्या फराट्यांच्या रेषेवर सुईनं भोकं, मागं निळं जिलेटीन, त्यामागं खोक्यात बारका दिवा. गोधडीच्या सुईनं भोकं मोठी पडतात, मशीनच्या सुईनं बरोबर. ताई शनिवारी आली आणि पहिली वीस भोकं पाहून म्हणाली, सगळी सारखी नकोत, जुना फराटा बारीक सुईनं. मग तिघी रात्री साडेबारापर्यंत टोचत बसल्या. मला सुई दिली नाही. मी मजकूर लिहिला, एकशे दहा शब्द, त्यातले चाळीस पोरीनं कापले.

(तारीख चुकली. ताई आली तो दिवस २५. वरचं अर्धं २३ चं, अर्धं आत्ताचं.)

२६ जानेवारी

झेंडावंदन झालं, पानं लागली. सातवं पान आलमारीच्या मागच्या अंधाऱ्या कोपऱ्यात, वर पोतं टांगून आडोसा केला.

पहिल्या पानापुढं गर्दी, कारण ते रंगीत. सातव्यापाशी पोरंच जास्त, एकेक करून पोत्याखाली शिरत होती. एका काकांनी मजकूर पूर्ण वाचला, चष्मा काढला आणि विचारलं, "एकरी किती होते?" पोरगी म्हणाली, विकाचं नाई. ते म्हणाले, मंग लावते कोण?

दुपारनंतर शेजारची बुढी आली. तिला वाचता येत नाही. पोत्याखाली बराच वेळ उभी होती. निळ्या भोकांच्या ओळीवरून बोट फिरवत शेवटच्या ठिपक्यापर्यंत गेली आणि म्हणाली, "हा चोरून पयाला ना? अंगाले लागलं त्याच्या." कुणी काही सांगितलं नव्हतं.

मग तिनं काळ्या भागाकडे हात केला. "अन् याच्या मागं कोण हाये?"

जागल्या आम्ही काढलेलाच नाही. ताई म्हणते तो दिसता कामा नये, तो काळाच आहे. पोरगी म्हणते डोळ्याची दोन भोकं तरी हवीत, सगळ्यांत बारीक सुईची. मी म्हटलं, मासा स्वतः उजळत नाही, भोक पाडलं तर नियम मोडतो. पोरगी म्हणाली, खुडक्याचा उजेड डोळ्यात पडला तर? रोह्याचे डोळे दिसले होते ना?

२७ जानेवारी

ताई सकाळच्या गाडीनं गेली. जाताना अकरा नंबरची सुई पोरीच्या कंपासमध्ये ठेवून गेली.